धारवाड मुलखातली बंदूक आणि परवान्याची हद्द

हुबळीहून पुणे–बेंगळुरू महामार्गाने उत्तरेला निघाले की धारवाड, बेळगाव, निपाणी मागे पडते आणि कोगनोळीचा नाका ओलांडल्यावर कागल, म्हणजे महाराष्ट्र, सुरू होतो. हुबळीत रीतसर मिळालेला पिस्तुलाचा परवाना या नाक्यापलीकडे चालतो का, हा प्रश्न साधा वाटतो आणि त्याचे उत्तरही वरवर पाहता साधेच आहे. परवान्यावर प्रदेशाचा एक रकाना असतो. त्यात जिल्हा लिहिला असेल तर जिल्हा, राज्य लिहिले असेल तर राज्य, संपूर्ण भारत लिहिले असेल तर कोगनोळीचा नाका आडवा येत नाही. कर्नाटकाने महाराष्ट्राचा परवाना मानायचा की नाही असा करार दोन राज्यांत नाही आणि त्याची गरजही नाही, कारण शस्त्रांचा कायदा देशभर एकच आहे. मग एकाच कायद्याखाली दिलेल्या कागदाला हद्द का असावी? १९५६ च्या भाषावार प्रांतरचनेने ही आडकाठी आणली, असा समज सीमाभागात सहज होतो. धारवाड जिल्ह्याचा इतिहास पाहिला तर तो टिकत नाही. परवान्याची हद्द राज्याच्या सीमेहून बरीच जुनी आहे. बंदूक कुठवर जाऊ शकते यापेक्षा बंदूकवाल्याला कोण ओळखतो आणि त्याच्याबद्दल कोण जबाबदार, या प्रश्नातून ती निघाली. म्हणून ती राहावी असे माझे मत आहे. मात्र तिच्यातून हुद्द्याच्या जोरावर मिळणारी सूट राहू नये, असेही तितकेच ठाम मत आहे.

सुरुवात परवान्याने झाली नाही, जप्तीने झाली. उत्तरेत उठाव पेटला असताना, १८५७ च्या सप्टेंबरात, कंपनी सरकारने हत्यारे बाळगण्यावर नियंत्रण आणणारा कायदा केला, आणि त्याची झळ दक्षिण महाराष्ट्राच्या या टोकाला तीन महिन्यांच्या आत पोचली. मुधोळच्या घोरपड्यांच्या संस्थानात हलगली नावाचे बेरडांचे गाव आहे. हत्यारे नोंदवा, असा हुकूम तिथे गेला तेव्हा बेरडांनी तो झुगारला. त्यांच्या लेखी हत्यार ही हौस नव्हती. चाकरी, शिकार, राखण, सगळे पोट त्याच्यावर होते. नोव्हेंबरच्या अखेरीस फौज आली, गाव जाळले गेले, शंभराच्या आसपास माणसे मेली आणि पुढे १९ जणांना फाशी झाली. फ्लीट या इंग्रज अधिकाऱ्याने पुढे या प्रसंगावरचा कानडी पोवाडा मिळवून छापला, म्हणून गावाची आठवण कागदावरही राहिली. इथे एक गोष्ट नीट पाहायला हवी. हलगली कंपनीच्या खालसा मुलखात नव्हती, ती संस्थानी होती. तरी हत्यारबंदी तिथे पोचली. काढून घेताना सरकारने संस्थानाची हद्द मानली नाही.

नरगुंदची कथा मराठी वाचकाला अधिक ठाऊक आहे. बाबासाहेब भावे नरगुंदकर यांना दत्तक नाकारला गेला होता. त्यात तोफा आणि दारूगोळा धारवाडला जमा करण्याचा तगादा लागला. ज्याच्या पूर्वजांनी तो किल्ला राखला, त्याला तोफा स्वतःच्या हाताने गाड्यांवर चढवून कलेक्टरकडे पाठवा म्हणणे म्हणजे राज्य गेल्याची पावती मागणे होते. २९ मे १८५८ च्या रात्री सुरेबान इथे पोलिटिकल एजंट मॅन्सन मारला गेला, चार दिवसांत नरगुंद पडले आणि १२ जूनला बाबासाहेबांना बेळगावात फाशी दिले गेले. दत्तकाचे दुःख या बंडात मोठे होतेच, ते लहान करायचे नाही. पण हलगलीचा बेरड आणि नरगुंदचा ब्राह्मण संस्थानिक यांना सहा महिन्यांच्या अंतराने एकाच मागणीने गाठले, आणि दोघांनाही ती मागणी केवळ प्रशासकीय वाटली नाही.

माणसे नमली, हत्यारे जमा झाली, त्यानंतर परवान्याची वेळ आली. १८६० चा कायदा आणि मग लॉर्ड लिटनच्या काळातला १८७८ चा शस्त्र कायदा यांनी असे ठरवले की बंदूक बाळगायला आणि हत्यार घेऊन फिरायला परवाना हवा. आता त्या वेळचा धारवाड जिल्हा नकाशावर डोळ्यांपुढे आणा. हुबळी खालसात. हुबळीहून हावेरीकडे जाणाऱ्या आगगाडीत बसले की पहिले मोठे गाव कुंदगोळ, ते जमखंडीकर पटवर्धनांचे. सवाई गंधर्वांचे हेच गाव. पुढे गुडगेरी, ते मिरजेच्या धाकट्या पातीचे. रुळांपासून थोडे पूर्वेला लक्ष्मेश्वर, ते थोरल्या पातीचे. त्याच्या पलीकडे शिरहट्टी, ते सांगलीकरांचे. आणखी खाली सावनूर, ते नवाबाचे. म्हणजे हुबळीहून सकाळच्या गाडीने निघालेला माणूस दुपारच्या जेवणाआधी दोन-तीन सत्तांच्या मुलखातून जाऊन पुन्हा इंग्रजी मुलखात उतरत असे. पश्चिमेला गेला तर कॅसलरॉकला पोर्तुगीजांची हद्द. हत्यारांना राज्याची सीमा खरोखरच अडवणार असती, तर या जिल्ह्यात परवानाधारकाला घराबाहेर पडणे मुश्कील झाले असते.

कायदा करणाऱ्यांनाही हे दिसत होते. इंग्रजी मुलखात हत्यारे आणणे किंवा तिथून बाहेर नेणे याला १८७८ च्या कायद्याने वेगळा परवाना लावला. पण ज्याला हत्यार बाळगण्याचा हक्क आहे त्याने ते स्वतःच्या वापरापुरते आणले-नेले तर ही बंदी लागू नाही, अशी मोकळीकही त्याच कलमात ठेवली. बंदी होती ती व्यापारावर, साठ्यावर, तोफांवर. आजच्या कायद्याच्या दहाव्या कलमात ही मोकळीक जवळपास तशीच उतरली आहे. म्हणजे एका सत्तेच्या हद्दीतून दुसरीत जाणे हा इंग्रजांच्याही दृष्टीने मुख्य प्रश्न नव्हता. परवान्यावर प्रदेश लिहिला जाई, तो दुसऱ्या कारणासाठी.

ते कारण परवाना कोणाला आणि कशासाठी मिळे यात सापडते. मोठ्या शहरांतली पिस्तुले बाजूला ठेवली तर धारवाडसारख्या जिल्ह्यात परवान्याची बंदूक म्हणजे बहुतेक ठासणीची, आणि ती शेताच्या राखणीची. जिल्ह्याच्या पश्चिम कडेला कलघटगीपासून हल्याळ–दांडेलीपर्यंत रान दाट होत जाते. तिथल्या भातावर आणि उसावर रानडुकरे येतात. अशा बंदुकीची गरज एका गावाची, काही वेळा एकाच शिवाराची असते. तिची चौकशीही गावातच होई. पोलीस पाटील सांगे, मामलेदाराची कचेरी शेरा लिही, कलेक्टर सही करी. या साखळीतल्या प्रत्येकाला ठाऊक असे की अर्जदाराचे भाऊबंदांशी भांडण चालू आहे का, जमिनीचा दावा कोर्टात आहे का, माणूस दारू पिऊन कोणाच्या अंगावर धावतो का. परवान्यावरची हद्द म्हणजे या माहितीची हद्द होती. धारवाडच्या कलेक्टरला ज्याच्याबद्दल हमी देता येत होती त्याच्याबद्दल तो आपल्या जिल्ह्यापुरती हमी देत होता. रत्नागिरीत तोच माणूस कसा वागेल, तिथे त्याचे कोणाशी वैर आहे, हे सांगायला त्याच्याजवळ कोणी नव्हते.

इथे पहिला आक्षेप येतो आणि तो हलका नाही. हा सगळा डोलारा परक्या सरकारच्या संशयावर उभा होता. मग त्यात शहाणपण कशाला शोधायचे? संशय होता, हे खरेच. आणि त्याचा सर्वांत उघड पुरावा हद्दीच्या रकान्यात नसून सूट मिळालेल्यांच्या यादीत आहे. १८७८ नंतरच्या नियमांनी युरोपियनांना परवान्यातूनच मोकळे केले होते. राजेरजवाडे आणि बड्या पदव्यांचे मानकरी यांनाही सवलती होत्या. गोऱ्या माणसाची बंदूक हद्दच जाणत नव्हती. हुबळीच्या व्यापाऱ्याची प्रत्येक वर्षी तपासली जाई. राष्ट्रसभेने १८८७ च्या मद्रास अधिवेशनापासून या कायद्याविरुद्ध ठराव केले. गांधीजींनी १९१८ साली, अहिंसेची शिकवण देत असतानाच, एका राष्ट्राला निःशस्त्र करणारा हा कायदा इंग्रजी राज्याच्या काळ्या कृत्यांत सर्वांत काळा ठरेल, अशा आशयाचे लिहिले. पहिल्या महायुद्धानंतर नियमांतला वंशभेद निघाला. १९३१ च्या कराची ठरावात नियमांच्या मर्यादेत शस्त्र बाळगण्याचा हक्क मूलभूत हक्कांत घातला गेला. या सगळ्या विरोधाचा रोख पाहिला तर तो नियमनापेक्षा भेदभावावर आहे. कराचीच्या ठरावातही नियमांची मर्यादा आहेच.

घटना समितीत १९४८ च्या डिसेंबरात ह. वि. कामत यांनी कराचीचे ते वचन पुढे केले, तेव्हा डॉ. आंबेडकरांनी ते मानले नाही. व्यक्तीच्या शस्त्र बाळगण्याच्या हक्कापेक्षा देशासाठी शस्त्र हाती घेण्याचे नागरिकाचे कर्तव्य महत्त्वाचे, असा त्यांचा रोख होता. घटनेत तो हक्क आला नाही. त्याऐवजी एक विभागणी आली आणि आपल्या विषयाच्या दृष्टीने तीच निर्णायक आहे. शस्त्रे आणि दारूगोळा केंद्राच्या सूचीत पाचव्या क्रमांकावर गेले. सार्वजनिक सुव्यवस्था आणि पोलीस राज्यांच्या सूचीत पहिल्या दोन क्रमांकांवर राहिले. कायदा दिल्लीचा, पण गोळी सुटली तर धावून जाणारा शिपाई हुबळीचा. परवान्यावरचा प्रदेशाचा रकाना या दोहोंमधला सांधा आहे.

सीमा बदलत राहिल्या तेव्हा या सांध्याची परीक्षा झाली. ८ मार्च १९४८ रोजी दक्षिणेतली संस्थाने मुंबई प्रांतात विलीन झाली आणि कुंदगोळ, लक्ष्मेश्वर, शिरहट्टी, सावनूर एका फटक्यात खालसा मुलखाशी एक झाली. १ मार्च १९४९ ला कोल्हापूरही आले. त्यानंतर साडेसात वर्षे धारवाड आणि कोल्हापूर एकाच मुंबई राज्यात होते. १ नोव्हेंबर १९५६ ला धारवाड म्हैसूर राज्यात गेले आणि मधे सीमा आली. शस्त्रांचा कायदा मात्र तोच, १८७८ चा, कारण तो केंद्राचा होता. त्याच्या जागी १९५९ चा कायदा झाला आणि १ ऑक्टोबर १९६२ पासून तो अमलात आला. पुढे १९९७ मध्ये धारवाड जिल्ह्याचेच तीन तुकडे झाले. नरगुंद, लक्ष्मेश्वर, शिरहट्टी गदगेत गेली, सावनूर हावेरीत. ज्यांना राज्याची सीमा हा परवान्यातला एकमेव अडथळा वाटतो त्यांनी या १९९७ च्या फाळणीचा विचार करावा. जिल्ह्यापुरत्या परवान्याला लक्ष्मेश्वर जसे एका रात्रीत परके होऊ शकते, तसे कोल्हापूरही. दोन्हीकडे कारण एकच. चौकशी करणारी कचेरी बदलते.

आजचा नमुना जवळून वाचला तर हे अधिक पटते. परवान्याच्या अटींत एक अट अशी की हत्यार खेळ, संरक्षण किंवा प्रदर्शन याच हेतूने, प्रामाणिकपणे बाळगावे. दंडाधिकाऱ्याची खास परवानगी नसेल तर ते जत्रेत, धार्मिक मिरवणुकीत, जाहीर जमावात किंवा शिक्षणसंस्थेच्या आवारात नेऊ नये. म्हणजे कोल्हापूर राहू द्या, हुबळीच्या परवान्यावर हुबळीतल्याच सिद्धारूढ मठाच्या रथोत्सवात पिस्तूल नेता येत नाही आणि धारवाडच्या कर्नाटक विद्यापीठाच्या आवारातही नाही. २०१६ च्या नियमांनी आणखी एक गोष्ट घातली. सार्वजनिक ठिकाणी हत्यार म्यानात आणि पूर्ण झाकलेले असले पाहिजे, ते हवेत नाचवायचे नाही. अमेरिकेत झाकून हत्यार बाळगण्याची परवानगी ही एक वेगळी मुभा मानली जाते. आपल्याकडे झाकणे ही मुभा नसून बंधन आहे. हद्द, जागा, प्रसंग, रीत, ही सगळी कुंपणे एकाच जातीची आहेत आणि राज्याची सीमा त्यांतले फक्त एक.

दुसरा आक्षेप नेहमी वाहन परवान्याच्या उदाहरणाने केला जातो. धारवाडच्या आरटीओने दिलेल्या कागदावर माणूस काश्मीरपर्यंत गाडी हाकतो, मग बंदुकीचे काय वेगळे? वेगळे हे की वाहनाचा परवाना कौशल्याची खूण आहे, आणि कौशल्य गाव बदलल्याने बदलत नाही. बंदुकीचा परवाना गरज आणि वर्तन यांची खूण आहे. कायद्याच्या तेराव्या कलमानुसार तो देण्याआधी जवळच्या पोलीस ठाण्याचा अहवाल मागवावा लागतो. अहवाल त्या ठाण्याचा, देशाचा नव्हे. हुबळी-धारवाड शहरात हा अधिकार पोलीस आयुक्तांकडे आहे आणि उरलेल्या जिल्ह्यात जिल्हाधिकाऱ्यांकडे. एकाच जिल्ह्यात दोन अधिकारी असावेत इतकी ही बाब स्थानिक धरली आहे. निवडणुका लागल्या की परवान्याची हत्यारे ठाण्यात जमा करायला लावतात, त्यात हे व्यवहारात दिसते. आयुक्त आपल्या यादीतल्या माणसांना नोटीस काढतात. कोल्हापूरच्या परवान्यावर हुबळीत फिरणारा त्यांच्या यादीत नसतो.

यादीच तर आता संगणकावर आहे, असे कोणी म्हणेल. देशभरच्या परवान्यांची एक नोंदवही झाली आहे आणि प्रत्येक परवानाधारकाला ओळख क्रमांक मिळाला आहे. मग स्थानिक ओळखीची गरज काय उरली? नोंदवहीचे महत्त्व मी कमी लेखत नाही, खोटे परवाने शोधायला तिच्यासारखे साधन नाही. पण परवाना खरा आहे एवढेच तो क्रमांक सांगतो. माणसाचे आज कोणाशी बिनसले आहे, हे त्यात नोंदलेले नसते. ते ठाण्यातल्या हवालदाराला माहीत असते. शिवाय ज्याला खरोखर दुसरीकडे राहायचे आहे त्याच्यासाठी वाट आहे. हत्यारासह तीस दिवसांपेक्षा जास्त काळ मुक्काम हलवला तर नव्या जागच्या आणि जुन्या जागच्या, दोन्ही अधिकाऱ्यांना कळवायचे, मागितल्यास परवाना आणि हत्यार दाखवायचे. बेळगावात घर आणि चंदगडात शेत असलेल्या कुटुंबाने हद्द वाढवून मागावी. ती वाढवता येते. सीमाभागातल्या मराठी माणसाला कचेऱ्यांत जो त्रास होतो तो खोटा नाही, पण या बाबतीत तो कायद्याने लादलेला नाही, अंमलबजावणीतल्या दिरंगाईने होतो, आणि दोन्हींची तक्रार एकाच दाराशी करू नये.

अमेरिकेच्या वादाचे दाखले आपल्याकडे बरेच दिले जातात. तिथे प्रत्येक राज्याचा शस्त्रांचा कायदा निराळा असतो आणि एका राज्याचा परवाना दुसऱ्याने मानायचा का हे ती राज्ये आपापसात ठरवतात. सगळ्यांनी सगळ्यांचे मानावे असे विधेयक २०१७ च्या डिसेंबरात प्रतिनिधिगृहात मंजूर झाले, सिनेटमध्ये झाले नाही. २०२२ मध्ये ब्रुएन खटल्यात तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने खास गरज दाखवा अशी न्यूयॉर्कची अट घटनाबाह्य ठरवली. आपल्याकडे नेमके उलटे आहे. हक्क घटनेत नाही, कायदा एक आहे आणि गरज दाखवणे हाच त्याचा पाया आहे. म्हणून तिथला उपाय इथे उचलून आणता येत नाही.

याहून अवघड उदाहरण कर्नाटकातच आहे. कोडगूमध्ये कोडव समाजाला आणि जम्मा जमीन धारण करणाऱ्यांना शस्त्र परवान्यातून सूट आहे. तिचे मूळ १८६१ चे. स्वतंत्र भारतात १९६३ मध्ये ती चालू ठेवली गेली, २०१९ मध्ये २०२९ पर्यंत वाढवली गेली, आणि २०२१ मध्ये कर्नाटक उच्च न्यायालयाने ती वैध ठरवली. एका समाजाला परवानाच नको आणि हलगलीच्या बेरडांच्या वंशजांना मात्र नमुना भरून रांगेत उभे राहायचे, ही विषमता मनाला लागते. दोघांच्याही परंपरेत हत्यार होते. एकाने १८५७ साली सरकारला साथ दिली आणि दुसऱ्याने नाही, याचा हिशेब अजून चालू आहे. तरी कोडगूची सूटही निराधार फिरत नाही, तिचे मूळ एका भूमीत आणि अंशतः तिच्या जमीनधारणेत आहे. हद्दीच्या तत्त्वाविरुद्ध ती पुरावा होत नाही. इतिहासाने कोणाला झुकते माप दिले, एवढाच पुरावा तिच्यातून मिळतो.

झुकत्या मापाचा दुसरा प्रकार मला जास्त खटकतो, कारण त्याला परंपरेचाही आधार नाही. गृह मंत्रालयाने २०१० साली आखलेल्या धोरणात देशभर चालणारा परवाना ज्यांना सुलभ केला त्यांत सैनिक आणि निमलष्करी दलांची माणसे होती, देशात कुठेही बदली होऊ शकणारे अधिकारी होते, नेमबाज खेळाडू होते. यांचे कारण समजते. त्यांचे कामच त्यांना राज्याबाहेर नेते. पण त्याच यादीत केंद्रीय मंत्री आणि खासदारही होते. मंत्र्याभोवती सरकारी पहारा असतो. त्याच्या खाजगी पिस्तुलाला देशभर मोकळीक कोणत्या गरजेने मिळावी? १८७८ च्या नियमांत पदव्यांची जी यादी होती तिचीच ही धाकटी पाती आहे. परवाना नाकारला तर कारणे लेखी नोंदवणे चौदाव्या कलमाने अधिकाऱ्यावर बंधनकारक केले आहे. तीच सक्ती हद्द वाढवण्यालाही लावावी. हुबळीच्या व्यापाऱ्याला कोल्हापूर जोडून दिले तर का, खासदाराला अख्खा देश दिला तर का, हे सही करणाऱ्याने प्रत्येक वेळी कागदावर लिहावे. आणि कारण म्हणून हुद्दा चालणार नाही, असे नियमातच घालावे.